कोल्हापूरच्या राजारामपुरीतून घेतलेला हातातला रेट्रो गेम: मारिओ सगळ्यातच चालतो, स्टार फॉक्सचं बोला

आधी निकाल सांगून टाकतो, म्हणजे घाईतल्या मंडळींना पुढं वाचायला नको. वस्तू पैसे वसूल हाय, दुकान पण चांगलं हाय, पण बॉक्समधून काढून आहे तशी वापरणार असाल तर यातलं जे खरंच बघण्यासारखं आहे तेच नीट चालत नाही आणि ते चालवायला एक संध्याकाळ खटपट करावी लागते. ज्यांना फक्त कॉन्ट्रा आणि मारिओ पाहिजे त्यांनी कुठलाही घ्या, यापेक्षा हजार-बाराशेनं स्वस्तातला पण चालेल, बाकीचा रिव्ह्यू तुमच्यासाठी नाही.

ब्रँडचं नाव लिहीत नाही कारण लिहून उपयोग नाही, एकाच साच्यातनं निघालेली ही मशीनं पाच-सहा नावांनी विकायला आहेत, खोक्यावरचा स्टिकर बदलला की झालं. साडेतीन इंची स्क्रीन, ६४० बाय ४८०, आत चार कोरचा एआरएम (मोबाइलमध्ये असतो त्या जातीचा) प्रोसेसर, वर लिनक्स, दोन मेमरी कार्डाचे स्लॉट, किंमत घासाघीस करून चार हजाराच्या आत बसली. ऑनलाइन थोडं कमी पडतं पण मला हातात घेऊन बटणं दाबून बघायची होती. दुकान राजारामपुरीत मेन रोडला, पुढं मोबाइलची कव्हरं आणि चार्जर, मागच्या काचेच्या कपाटात हा माल. दुकानाचं नाव नको म्हणाले, गर्दी झाली तर माल पुरत नाही म्हणे, म्हणून नाव नाही.

काउंटरवरच्या पोरानं मशीन चालू केलं आणि सरळ कॉन्ट्रा लावून माझ्या हातात दिला. "बघा दादा, मक्खन चालतंय." चालणारच की. सगळेच दुकानदार हाच डेमो दाखवतात, कॉन्ट्रा, मारिओ, फार तर स्ट्रीट फायटर, आणि आपण पण खुश होऊन पैसे काढतो कारण लहानपणी शेजाऱ्यांच्या टीव्हीवर तेच खेळलोय. पण कॉन्ट्रा चालला यावरून मशीनबद्दल काहीच कळत नाही भावा. असले गेम १९९० च्या दशकातल्या पीसीवर पण आरामात चालत होते. मी म्हटलं स्टार फॉक्स लाव. "तो कुठला?" विमानाचा जुना थ्रीडी गेम, मग मीच शोधून लावला, आणि दहा सेकंदात आवाज चिरकायला लागला, विमान उड्या मारत पुढं जायला लागलं. पोरगा म्हणाला फाइल खराब आसंल. फाइल खराब नव्हती. कॅसेटच तशी होती.

आता इथं जरा थांबून सांगतो, कारण यातली मजा ज्याला कळली त्याला असलं मशीन विकत घेताना कोण फसवू शकत नाही.

आपल्याकडं ज्याला सरसकट टीव्ही गेम म्हणायचे त्यातल्या बहुतेक मशीन जपानच्या निन्टेंडो कंपनीच्या फॅमिकॉम या मशीनच्या नकला होत्या, आणि कॅसेट उघडली तर आत छोटी पाटी आणि तिच्यावर चिप झाकणारा एक काळा थेंब, संपला विषय. त्यामुळं आपल्या डोक्यात बसलंय की कॅसेट म्हणजे नुसता साठा, गेम तिच्यात भरलेला आणि अक्कल सगळी मशीनमध्ये. खऱ्या कॅसेटमध्ये पहिल्यापासून तसं नव्हतं. मारिओ ३ मध्ये स्क्रीनच्या तळाला पॉइंट दाखवणारी पट्टी असते ना, वरचं चित्र सरकतंय आणि ती मात्र जागची हलत नाही, ते काम कॅसेटमधली एमएमसी३ नावाची चिप करत होती, टीव्हीवर किती ओळी काढून झाल्या हे मोजून ती मशीनला बरोबर वेळेला टोचायची. कोनामी कंपनीनं तर १९८९ च्या अकुमाजो देन्सेत्सू या गेमच्या जपानी कॅसेटमध्ये व्हीआरसी६ चिप घातली, तिच्यात आवाजाचे तीन जादा चॅनल. अमेरिकेतल्या मशीनला कॅसेटमधला आवाज आत घ्यायची सोयच नव्हती, म्हणून तिकडं त्याच गेमचं संगीत कमी करून विकलं. दोन्ही ऐकून बघा, फरक कानाला लगेच कळतोय.

खरा धिंगाणा मात्र पुढच्या मशीनवर झाला. सुपर फॅमिकॉम जपानमध्ये १९९० ला आलं, अमेरिकेत सुपर निन्टेंडो म्हणून १९९१ ला. चित्रं रंगीत, आवाज झकास, पण मेन प्रोसेसर जास्तीत जास्त ३.५८ मेगाहर्ट्झ. हे निन्टेंडोला माहीत होतं, म्हणून त्यांनी कॅसेटच्या खाचेतच सोय करून ठेवली, साध्या कॅसेटला मधल्या ४६ पिना आणि दोन्ही टोकांना मिळून आणखी १६ जादा, एकूण ६२. ज्या कॅसेटमध्ये स्वतःचा प्रोसेसर बसवलाय ती त्या जादा पिना वापरणार. म्हणजे पाहुण्यानं लग्नाला यायचं आणि येताना स्वतःचा आचारी पण आणायचा, यजमानाच्या किचनवर भरवसा नाही. उद्यमनगरात माझा एक मित्र आहे, त्याचं लेथचं वर्कशॉप आहे आणि छंद म्हणून जुनं सुपर फॅमिकॉम सांभाळलंय, त्याच्याकडं स्टार फॉक्सची ओरिजनल कॅसेट आहे. ती खालून बघितली की दोन्ही बाजूंना त्या बारक्या सोनेरी पट्ट्या दिसतात, साध्या कॅसेटला तिथं काहीच नसतं. आतल्या चिपवर चक्क मारिओ चिप १ असं छापलंय.

ही चिप म्हणजे सुपर एफएक्स. लंडनच्या आर्गोनॉट कंपनीनं केलेली, त्यांनी आधी गेम बॉय या निन्टेंडोच्या हातातल्या मशीनवर थ्रीडी करून दाखवलं होतं आणि निन्टेंडोला सांगितलं की याच्यापुढं पाहिजे तर हार्डवेअर आम्हाला बनवू दे. १९९३ ला स्टार फॉक्स आला. यात अडचण काय होती बघा. सुपर निन्टेंडो चित्र काढतं ते आठ बाय आठ ठिपक्यांचे तुकडे जोडून, आणि एका ठिपक्याचा रंग एका जागी लिहिलेला नसतो, त्याचे बिट वेगवेगळ्या बाइटमध्ये विखुरलेले असतात. मारिओ पळवायला ही पद्धत झकास. पण थ्रीडी त्रिकोण रंगवायचा म्हणजे एकेक ठिपका कुठंही टाकता आला पाहिजे, आणि एका ठिपक्यासाठी चार ठिकाणचे बिट बदलत बसला तर तो मेन प्रोसेसर सकाळी सुरू करून संध्याकाळी एक चित्र देईल. सुपर एफएक्सला त्यासाठी खास हुकूमच दिला होता, तुम्ही फक्त सांगा इथं हा रंग टाक, ती ठिपके गोळा करून आपोआप त्या तुकड्यांच्या पद्धतीत बसवून कॅसेटमधल्याच रॅममध्ये चित्र तयार करणार, आणि मग मशीननं ते उचलून टीव्हीला द्यायचं. उचलायला पण वेळ कमी पडायचा म्हणून स्टार फॉक्सचं चित्र पूर्ण स्क्रीनभर नाहीच, चारी बाजूंनी काळी चौकट सोडलीय. दुकानातला पोरगा ती चौकट बघून स्क्रीनचं सेटिंग बिघडलंय म्हणत होता आणि ताणून फुल करायला निघाला होता. करू नका, ती तशीच आहे.

आता एवढं सगळं इम्युलेटरला, म्हणजे जुन्या मशीनची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमला करायचंय. नुसत्या सुपर निन्टेंडोची नक्कल करून भागत नाही, कॅसेटमधल्या तिच्याहून जोरात पळणाऱ्या दुसऱ्या प्रोसेसरची पण नक्कल त्याच वेळी करायची, स्टार फॉक्समधला १०.७ मेगाहर्ट्झचा आणि नंतरच्या योशीज आयलंडमधला त्याच्या दुप्पट, २१.४ चा. म्हणून हाच गेम कस लावायला बरोबर आहे.

पण एक गोष्ट लक्षात ठेवा आणि हीच बहुतेक लोकांना माहीत नसते. ओरिजनल स्टार फॉक्सच सावकाश चालतो. सेकंदाला १५-२० फ्रेम (म्हणजे चित्रं), गर्दी झाली की त्याहून कमी. मित्राच्या मशीनवर खरी कॅसेट लावली तरी चित्र अडखळतच पुढं जातं, तिथं कुठला इम्युलेटर आलाय. मग मशीन कमी पडतंय की गेमच तसा आहे हे ओळखायचं कसं? आवाजावरून. खऱ्या मशीनमध्ये आवाजाचा विभाग वेगळा आहे, चित्र कितीही रखडलं तरी संगीत एका लयीत वाजत राहतं. त्यामुळं चित्र अडखळतंय पण गाणं साफ आहे तर समजायचं सगळं बरोबर आहे, आणि गाणं चिरकतंय, तुटतंय, सावकाश होतंय तर प्रोसेसर दमलाय. दुकानात उभ्या उभ्या एका मिनिटात कळतं, स्पीकरला कान लावा फक्त, राजारामपुरीतल्या ट्रॅफिकचा आवाज सोडून.

माझ्या मशीनचं दुखणं निघालं ते प्रोसेसरमध्ये नव्हतंच. कार्डात रेट्रोआर्च होतं, म्हणजे वेगवेगळे इम्युलेटर एका जागी चालवणारा प्रोग्रॅम, आणि त्यात सुपर निन्टेंडोसाठी लावलेला कोअर (त्या मशीनचा इम्युलेटर) फारच जुना, स्नेस९एक्स २००२. हलका आहे म्हणून स्वस्त मशीनमध्ये तोच ठोकून देतात, मारिओ पळतोय ना मग झालं. मी आधी २०१० वाला लावला आणि मग आत्ताचा चालू स्नेस९एक्स, आणि स्टार फॉक्स एकदम सुतासारखा सरळ, आवाज साफ. योशीज आयलंडमध्ये तो पांढरा कापसाचा गोळा लागला की योशीला चक्कर येते आणि अख्खी जमीन लाटांसारखी हलते, तिथं २०१० वर थोडा लॅग होता, चालू कोअरवर गेला. म्हणजे वस्तूत दम आहे, विकणाऱ्यानं आळस केलाय. आणि गंमत सांगू का, स्नेस९एक्सच्या लायसन्समध्ये धंद्यासाठी वापरायचं नाही असं स्वच्छ लिहिलंय, तरी ही सगळी मशीनं ते भरूनच विकली जातात, वर कार्डात भरलेल्या हजारो गेमचं तर विचारूच नका, ते कोणाच्या परवानगीनं आलेत हे दुकानदारापासून कारखान्यापर्यंत कोण सांगणार नाही.

कोअरच्या ऑप्शनमध्ये सुपर एफएक्स ओव्हरक्लॉक, म्हणजे चिप ठरल्यापेक्षा जोरात पळवायची, असं एक सेटिंग मिळेल. हात शिवशिवणारच, बघा वाढवून, पण स्टार फॉक्समध्ये नुसतं चित्र गुळगुळीत होत नाही तर खेळच पळायला लागतो, कारण गेमचा वेग फ्रेमला बांधलेला आहे. शंभर टक्क्यावर ठेवा आणि गप खेळा.

बाकीच्या चिपांचं थोडक्यात सांगतो. एसए-१ म्हणजे मेन प्रोसेसरचाच सख्खा भाऊ, तीच जात पण १०.७४ मेगाहर्ट्झवर, आणि तो मेन प्रोसेसरच्या बरोबरीनं एकाच वेळी चालतो, त्यामुळं इम्युलेटरला दोघांना सतत पायात पाय न घालता चालवावं लागतं. १९९६ चे सुपर मारिओ आरपीजी आणि कर्बी सुपर स्टार त्यावरचे. माझ्या मशीनवर चालू कोअरवर दोन्ही व्यवस्थित, कर्बीत दोघं मिळून खेळताना स्क्रीनवर एकदम लय धुरळा उडाला तर कधीतरी एखादा झटका, खपवून घेण्यासारखा. रॉकमॅन एक्स२ आणि एक्स३ (आपल्याकडच्या कार्डात मेगा मॅन नावानं असतील) यात कॅपकॉम कंपनीची सीएक्स४, नुसत्या रेषांचे तारेसारखे थ्रीडी सांगाडे फिरवायला. या दोन्ही गेममध्ये चिपची टेस्ट लपवलेली आहे, चालू करताना दुसऱ्या कंट्रोलरचं बी बटण दाबून धरायचं. हातातल्या मशीनला दुसरा कंट्रोलर नसतो त्यामुळं यूएसबी पॅड लावावा लागतो, मी घरचा जुना पॅड ओटीजी पिनेनं लावला आणि चाललं. स्टार ओशन आणि स्ट्रीट फायटर आल्फा २ मध्ये एस-डीडी१, दाबून बारीक केलेली चित्रं खेळता खेळता उलगडणारी. एके काळी हे कोडं कोणाला सुटत नव्हतं तेव्हा आधीच उलगडलेल्या चित्रांची वेगळी गाठोडी डाउनलोड करून इम्युलेटरला जोडायला लागायची, आता काही करावं लागत नाही. आल्फा २ मध्ये राउंड सुरू व्हायच्या आधी गेम जरा थिजतो, त्यावरून मशीन परत करायला जाऊ नका, खऱ्या कॅसेटवर पण थिजतो.

डीएसपी-१ वर मात्र जरा रेंगाळतो, मला ती गोष्ट फार आवडते. पायलटविंग्ज आणि सुपर मारिओ कार्टमध्ये ही चिप, मूळची एनईसी कंपनीची. जमीन फिरवून दाखवायचं काम मशीन स्वतः करू शकते, पण कुठल्या कोनातून किती फिरवायचं याची त्रिकोणमिती डीएसपी-१ करते. या चिपचा प्रोग्रॅम चिपच्या पोटातच कोरलेला होता, कॅसेट वाचून तो बाहेर येत नव्हता. म्हणून इम्युलेटरवाल्यांनी कित्येक वर्षं अंदाजानं काम चालवलं, चिपला हे विचारलं की ती हे उत्तर देते, तेवढंच कोडमध्ये लिहायचं. बीएसनेस नावाचा इम्युलेटर २००४ पासून बनवणारा ब्यू नावाचा प्रोग्रॅमर होता, त्याला हे पटत नव्हतं, त्याचा हट्ट की खरा प्रोग्रॅमच चालला पाहिजे. मग वर्गणी काढून चिपा जमवल्या, ॲसिडनं वरचं आवरण काढलं, मायक्रोस्कोपखाली फोटो काढले आणि फोटोतले बिट वाचून आतला प्रोग्रॅम परत मिळवला. काय चिकाटी म्हणायची राव! आणि एवढं कशासाठी असं वाटत असेल तर पायलटविंग्जचा डेमो बघा. निन्टेंडोनं नंतर चिपमधली गणिताची एक चूक सुधारली आणि डीएसपी-१बी काढली, पण डेमोतली विमानाची हालचाल जुन्या चुकीच्या गणितावर बेतलेली होती, त्यामुळं नव्या चिपच्या कॅसेटमध्ये डेमोतलं विमान उतरायच्या ऐवजी जमिनीवर आदळतं. खरी चिप, खरी कॅसेट, आणि कंपनीचंच विमान पडतंय.

बीएसनेस या मशीनवर चालवायच्या भानगडीत पडू नका, त्याच ब्यूनं २०११ ला लिहिलं होतं की तंतोतंत नक्कल पाहिजे तर ३ गिगाहर्ट्झचा पीसी लागतो. घरी बरा पीसी असेल तर तिथं नक्की चालवा, फुकट आहे.

निन्टेंडोच्या स्पर्धक सेगा कंपनीचं पण एक बघून घेतलं. त्यांच्या मेगा ड्राइव्ह मशीनवर १९९४ च्या व्हर्चुआ रेसिंगमध्ये एसव्हीपी नावाची चिप होती, सॅमसंगची, आणि तिच्यामुळं कॅसेट अमेरिकेत १०० डॉलरला विकली होती म्हणजे बघा. तिची नक्कल पहिल्यांदा पिकोड्राइव्हमध्ये २००८ ला झाली आणि तो इम्युलेटर असल्या बारक्या मशीनसाठीच घासून हलका केलेला असल्यामुळं इथं गेम पाण्यासारखा चालतो, काही बदलावं लागलं नाही. जाता जाता, १९९५ ला शोगीच्या एका जपानी कॅसेटमध्ये एसटी०१८ म्हणून २१ मेगाहर्ट्झची एआरएम चिप घातली होती, शोगी म्हणजे त्यांचं बुद्धिबळ, कॉम्प्युटरनं चांगली चाल खेळावी म्हणून. आज माझ्या हातातल्या मशीनचा मेंदू पण एआरएमच. गेम मात्र उघडून लगेच बंद केला, सगळं जपानीत.

उद्यमनगरवाल्या मित्राचं मत वेगळं आहे. त्याच्याकडं एसडी२स्नेस ही फ्लॅश कार्ट आहे, म्हणजे मेमरी कार्डातले गेम खऱ्या मशीनवर चालवणारी कॅसेट, तिच्यात एफपीजीए आहे, म्हणजे अशी चिप जिची आतली जोडणीच पाहिजे तशी बदलता येते, त्यामुळं गेम लावला की ती सुपर एफएक्स होते, दुसरा लावला की एसए-१. साध्या फ्लॅश कार्टला हे जमत नाही. यात पण सुपर एफएक्स आणि एसए-१ पहिल्यापासून नव्हते, लोकांनी वर्षानुवर्षं बसून नंतर घातले. तो म्हणतो तुझं ते खेळणं, हे खरं. बरोबर आहे भावा, पण तुझ्या त्या एका कार्टच्या पैशात माझ्यासारखी पाच-सहा मशीनं येतील, आणि तुझा तो मोठा डब्बा टीव्ही रंकाळ्यावर नेता येत नाही.

दुकानाबद्दल दोन शब्द. पोरगा शिकणारा आहे हे मला आवडलं, कोअर कसा बदलायचा ते मी त्याला दाखवलं तर त्यानं डेमोच्या मशीनवर लगेच करून घेतलं आणि मालकांना हाक मारून दाखवलं, "काका, ह्यो बघा आता आवाज फुटत न्हाई." काकांनी मला चहा सांगितला आणि पन्नास रुपये कमी केले, हे कोल्हापुरातच होतंय. तक्रार एवढीच की बिल मागितल्याशिवाय देत नाहीत आणि वॉरंटी तोंडी. आवर्जून बिल घ्या आणि त्यावर तारीख टाकून घ्या. दुसरं म्हणजे बॉक्समधलं मेमरी कार्ड बिननावाचं असतं, त्यावर विश्वास ठेवू नका, घरी आल्यावर पहिल्यांदा त्याची कॉपी काढून चांगल्या कार्डावर घाला, माझं सेव्ह केलेलं योशी एकदा गायब झालंय. आणि चार्जिंगला दोन्हीकडं सी टाइप असलेली केबल चालत नाही, मोबाइलच्या जुन्या चार्जरची मोठ्या यूएसबीवाली लागते, ती काकांकडं शंभराला आहे, पण मागितली तर तशीच फुकट देतात.